चेष्टाहानी व संज्ञाहानी : कंपवात आणि उन्माद यांच्या सीमेवरील रुग्णपरीक्षण

वातव्याधीचा रुग्ण आपल्याकडे येतो तो बहुधा वेदनेची, जखडल्याची किंवा कंपाची तक्रार घेऊन. मानसविकाराचा रुग्ण बहुधा स्वतः येत नाही. निद्रानाश, संशय, भय अथवा औदासीन्य अशा तक्रारी सांगत नातलग त्याला घेऊन येतात. पहिल्याच्या बाबतीत आपण संधी, स्नायू व कोष्ठ तपासतो आणि मनाविषयी विचारायचे राहून जाते. दुसऱ्याच्या बाबतीत प्रश्न पुष्कळ विचारतो, पण त्याला चार पावले चालवून पाहत नाही. या दोन्ही व्याधिसमूहांत चेष्टा व संज्ञा, म्हणजे हालचाल आणि संवेदना, यांची दुष्टी एकत्रच नांदत असते व ती ओळखल्यावाचून निदान आणि औषधयोजना दोन्ही अपुरी राहतात. प्रस्तुत लेखात या दुष्टीचा विचार मुख्यत्वे कंपवात व उन्माद यांच्या अनुषंगाने करावयाचा आहे. सोबतच आपल्या औषधालयांत रोज विकल्या जाणाऱ्या काही द्रव्यांचा या रुग्णांशी येणारा संबंधही तपासावयाचा आहे.

ग्रंथोक्त आधार

चरकाचार्यांनी सूत्रस्थानाच्या बाराव्या अध्यायात वायूची जी प्राकृत कर्मे सांगितली आहेत त्यांत सर्व चेष्टांचे प्रवर्तन, मनाचे नियमन व प्रेरण, सर्व इंद्रियांना आपापल्या कर्मी लावणे आणि इंद्रियार्थांचे वहन ही कर्मे एकाच ओघात आली आहेत. हालचाल एका ठिकाणी, संवेदना दुसऱ्या ठिकाणी आणि मन तिसऱ्या ठिकाणी अशी वाटणी तेथे नाही. याच दृष्टीचा पडताळा सूत्रस्थानाच्या विसाव्या अध्यायातील ऐंशी नानात्मज वातविकारांच्या यादीत येतो. वेपथु, वाक्संग व उदावर्त यांच्याच पंक्तीत तेथे घ्राणनाश, पादसुप्तता, अशब्दश्रवण, विषाद, अस्वप्न आणि अनवस्थितचित्तत्व ही लक्षणे बसविली आहेत. विद्यार्थिदशेत ही यादी आपण सर्वांनी पाठ केली. पण कंपाच्या शेजारी गंधनाश व विषाद का ठेवला असावा असा प्रश्न तेव्हा सहसा कोणी विचारीत नाही. आजचे कंपवाताचे ज्ञान पाहता तो प्रश्न विचारण्याजोगा आहे.

उन्मादाच्या बाबतीत हेच अधिक स्पष्टपणे दिसते. निदानस्थानाच्या सातव्या अध्यायात उन्माद म्हणजे मन, बुद्धी, संज्ञाज्ञान, स्मृती, भक्ती, शील, चेष्टा व आचार या आठांचा विभ्रम असे सांगितले आहे. या आठांतील संज्ञाज्ञान व चेष्टा ही दोन अंगे प्रत्यक्ष तपासता येण्याजोगी आहेत. उरलेली सहा मुख्यत्वे प्रश्नांनी व निरीक्षणाने जाणावी लागतात. तरीही व्यवहारात ही दोनच अंगे सर्वाधिक दुर्लक्षिली जातात, असा आमचा अनुभव आहे.

आवरणाच्या विचारातही हे सूत्र टिकून आहे. चिकित्सास्थानाच्या अठ्ठाविसाव्या अध्यायात प्राणाने व्यान आवृत झाला असता सर्व इंद्रियांची शून्यता, स्मृतिक्षय व बलक्षय सांगितला आहे, तर कफावृत व्यानात गतिसंग व गात्रगौरव येते. कंपवाताच्या रुग्णाची मंद, जड, अडखळती चाल पाहणाऱ्यास दुसरे वर्णन तत्काळ पटते. म्हणूनच कंप दिसला की केवळ वातक्षोभ समजून बृंहण सुरू करणे आम्हास मान्य नाही. स्तंभ व गतिसंग प्रधान असतील तर आधी आवरणाचा विचार करावा.

कंप नसलेला कंपवात

जेम्स पार्किन्सन यांनी इ.स. १८१७ मध्ये लंडन येथे या व्याधीवरील आपला निबंध प्रसिद्ध केला. आपल्याकडे बसवराजीयात कंपवाताचे स्वतंत्र वर्णन असून त्यात हातापायांच्या कंपासोबत निद्राभंग व मतिक्षीणता यांचाही उल्लेख आहे, हे येथे मुद्दाम नोंदवावेसे वाटते. पार्किन्सन यांच्या मूळ निबंधात बुद्धी व इंद्रिये अबाधित राहतात असे म्हटले होते. पुढील काळात हे मत बदलावे लागले.

या व्याधीत मेंदूच्या मध्यभागातील कृष्णवर्णी पेशीसमूहाचा क्षय होतो व तेथे निर्माण होणारे डोपामाइन हे द्रव्य उणे पडते. हालचालींची लक्षणे स्पष्ट होईपर्यंत या पेशींपैकी सुमारे निम्म्या किंवा त्याहूनही अधिक नष्ट झालेल्या असतात. जर्मनीतील हाइको ब्राक व त्यांच्या सहकाऱ्यांनी इ.स. २००३ मध्ये असे मांडले की, विकृतीचा आरंभ या पेशीसमूहात न होता गंधग्रहणाच्या भागात व मेंदूच्या खालच्या टोकाशी होतो आणि ती हळूहळू वर सरकते. सर्वच रुग्णांत हा क्रम आढळत नाही. तथापि गंधनाश, जुनाट मलावष्टंभ, विषाद आणि स्वप्नात हातपाय झाडणे, ओरडणे ही लक्षणे कंपाच्या कित्येक वर्षे आधी असू शकतात, याविषयी आता दुमत नाही.

या रुग्णाचा विश्रांतीतील कंप सेकंदास सुमारे चार ते सहा वेळा होतो, एका हातात प्रथम दिसतो व वस्तू उचलताना कमी होतो. उलटपक्षी पेला तोंडाशी नेताना वाढणारा, दोन्ही हातांत असणारा, घरात आणखी कोणास असलेला व वर्षानुवर्षे फारसा न वाढणारा कंप वेगळ्या जातीचा असतो आणि त्यास कंपवाताची भीती घालू नये. याहून महत्त्वाचे म्हणजे कंपवाताच्या सुमारे एकचतुर्थांश रुग्णांत आरंभी कंप नसतोच. तेथे चेष्टामांद्य हेच मुख्य लक्षण असते.

आमच्याकडे आलेले ५४ वर्षांचे एक लेखनिक उजव्या खांद्याच्या वेदनेसाठी आठ महिने अवबाहुकाची चिकित्सा घेत होते. अभ्यंग, पत्रपोट्टली व नस्य यांनी तात्पुरते बरे वाटे. ‘बँकेत सही जुळत नाही म्हणून दोनदा चेक परत आला,’ असे ते बोलता बोलता सांगून गेले. आम्ही त्यांना एक पूर्ण वाक्य पाच वेळा लिहावयास सांगितले. पाचव्या ओळीतील अक्षर पहिल्या ओळीच्या निम्म्याने बारीक होते. चालताना उजवा हात हलत नव्हता. पत्नीस विचारता कढईतली फोडणी जळाल्याचा वास त्यांना दोन वर्षांपासून येत नाही असे समजले. खांद्याच्या वेदनेची ही कथा विरळा नाही. एकाच बाजूचा खांदा जखडला, संधीत विशेष काही आढळले नाही आणि वय पन्नाशीपुढील असेल, तर त्या रुग्णास लिहावयास व चालावयास सांगावेच.

येथे संज्ञाहानीचा एक सूक्ष्म प्रकार आहे. कंपवाताच्या रुग्णास स्पर्श कळतो, टोचलेले कळते. परंतु आपले अंग अवकाशात कोठे आहे व किती हलले याचा अंदाज चुकतो. तो लहान पाऊल टाकतो आणि त्याला ते पुरेसे मोठे वाटते. तो हळू बोलतो आणि आपण नेहमीच्याच आवाजात बोलत आहोत असे त्याला वाटते. घरची माणसे ‘मुद्दाम पुटपुटतात’ म्हणून चिडतात. आतून येणारी ही जाण दुबळी झाल्यामुळे बाहेरून दिलेली खूण मात्र उपयोगी पडते. दारात पाय खिळलेला रुग्ण जमिनीवर आखलेली रेघ ओलांडावयाची म्हटल्यावर सहज पाऊल टाकतो, टाळ्यांच्या ठेक्यावर त्याची चाल सुधारते. हा चमत्कार नसून इंद्रियार्थाने चेष्टेस दिलेले उद्दीपन आहे.

उन्मादातील हातपाय

कार्ल कालबाउम यांनी इ.स. १८७४ मध्ये ज्या अवस्थेस कॅटाटोनिया हे नाव दिले, तिच्यात रुग्ण तासन्‌तास निश्चल बसतो, बोलत नाही, खात नाही, हात वर उचलून ठेवला तर तसाच राहतो. कधी निष्कारण उसळतो किंवा समोरच्याचे शब्द व हावभाव पुन्हा पुन्हा करतो. खेडोपाडी याला बाधा समजण्याची पद्धत अजून गेलेली नाही. वैद्याने मात्र ही आत्ययिक अवस्था समजावी. अशा रुग्णात जलक्षय, पायातील शिरेत रक्त गोठणे व श्वसनमार्गात अन्न जाणे हे धोके असतात. ज्वर व नाडीची अस्थिरता आली तर जिवावर बेतते. लोराझेपामने व गरज पडल्यास विद्युत्‌चिकित्सेने बहुसंख्य रुग्ण थोड्याच दिवसांत सुधारतात, म्हणून हा रुग्ण घृतपानाची वाट पाहत घरी ठेवू नये.

कॅटाटोनियाइतकी ठळक नसली तरी हालचालींतील व संवेदनेतील सूक्ष्म न्यूने स्किझोफ्रेनियाच्या पुष्कळ रुग्णांत आढळतात. मिटलेल्या मुठीत ठेवलेले नाणे न पाहता ओळखता न येणे, तळहातावर बोटाने काढलेला आकडा न कळणे, मूठ, तळहाताची कड व तळवा असा क्रम टेबलावर लयीत न जमणे ही त्यांतील काही. ज्यांनी अद्याप एकही औषध घेतलेले नाही अशा रुग्णांतही ती दिसतात, म्हणजे ती सगळीच्या सगळी औषधांच्या माथी मारता येत नाहीत. निदानासाठी एकट्या या चिन्हांवर विसंबता येत नाही, कारण निरोगी माणसांतही ती थोड्या प्रमाणात असतात.

संज्ञाज्ञानाच्या विभ्रमाविषयी लंडन येथे सारा-जेन ब्लेकमोर व सहकाऱ्यांनी इ.स. २००० मध्ये प्रसिद्ध केलेला एक साधा प्रयोग उद्बोधक आहे. आपणच आपल्या तळहातास गुदगुल्या केल्या तर त्या दुसऱ्याने केलेल्यांपेक्षा सौम्य वाटतात, कारण आपल्या चेष्टेचा परिणाम मेंदू आधीच जाणून असतो. ज्या रुग्णांना आवाज ऐकू येत होते किंवा आपले अंग दुसराच कोणी हलवितो असे वाटत होते, त्यांना स्वतःचा व परक्याचा स्पर्श सारखाच तीव्र भासला. ‘माझा हात मी हलवीत नाही’ हे रुग्णाचे म्हणणे म्हणजे नुसती कल्पना नव्हे, तर चेष्टा व संज्ञा यांची सांगड सुटल्याचे ते लक्षण असू शकते. नातलगांना हे समजावून सांगितल्यास रुग्णावर होणारी चिडचिड बरीच कमी होते.

विषादात हालचाल, बोलणे व चेहऱ्यावरील भाव मंदावतात आणि तेथे कंपवाताशी घोटाळा होण्याचा संभव दोन्ही बाजूंनी असतो. मनगट व कोपर हलवून स्तंभ पाहणे, बोटांची आपटणी उत्तरोत्तर लहान होत जाते का हे पाहणे आणि वासाविषयी विचारणे यांनी बहुतेक वेळा उलगडा होतो.

औषधजन्य कंप व स्तंभ

या लेखातील सर्वांत व्यवहारोपयोगी भाग आम्ही हाच समजतो, कारण यातील बरेचसे रुग्ण बरे होण्याजोगे असतात.

उन्मादावरील अर्वाचीन औषधे डोपामाइनचे कार्य अडवितात. त्यामुळे पहिल्या काही दिवसांतच मान वळणे, जबडा आखडणे, डोळे वर फिरणे असे प्रकार होऊ शकतात, ज्यांची मन्यास्तंभ, हनुग्रह अथवा बाधा म्हणून गफलत होते. काही आठवड्यांत एका जागी बसवत नाही, सतत येरझारा घालाव्याशा वाटतात. घरच्यांना वाटते आजार वाढला. पहिल्या तीन महिन्यांत दोन्ही बाजूंस सारखा कंप व स्तंभ येऊ शकतो. दीर्घकाळानंतर ओठ, जीभ व जबडा यांच्या चघळल्यासारख्या हालचाली सुरू होतात व त्या औषध थांबविल्यावरही राहू शकतात.

हे केवळ मानसरोगाच्या गोळ्यांनीच घडते असे नाही. उलटीवरील मेटोक्लोप्रमाइड, चक्करेवरील सिनारिझिन, अर्धशिशीवरील फ्लुनारिझिन आणि आम्लपित्ताच्या गोळीत मिसळून दिले जाणारे लेव्होसल्पिराइड ही द्रव्ये वृद्धांत हुबेहूब कंपवात उत्पन्न करतात. ६८ वर्षांच्या एका आजींच्या बाबतीत पिशवीतील सर्व पाकिटे टेबलावर ओतून पाहिली, तेव्हा आम्लपित्ताची अशी गोळी त्या चौदा महिने रोज घेत असल्याचे दिसले. ज्यांनी ती दिली होती त्यांच्याशी बोलून ती बंद करविली. चौथ्या महिन्यात आजी स्वतः भाकरी थापू लागल्या. आम्ही त्या काळात मलावष्टंभासाठी मृदू अनुलोमन व पायांस अभ्यंग एवढेच केले. त्याचे श्रेय घेणे योग्य होणार नाही. मात्र उन्मादावरील चालू औषध वैद्याने परस्पर बंद करू नये. व्याधी उलटते व दोष आपल्या शास्त्रावर येतो. संबंधित मनोविकारतज्ज्ञास चिठ्ठी लिहावी. ही औषधे घेणाऱ्या रुग्णास तीव्र ज्वर, काठीसारखा स्तंभ व भ्रांती एकत्र आली तर त्याच तासाला रुग्णालयात पाठवावे.

आपल्या कपाटातील एक द्रव्य या संदर्भात विसरता येत नाही. गणनाथ सेन व कार्तिकचंद्र बोस यांनी इ.स. १९३१ मध्ये सर्पगंधेचा उन्माद व रक्तदाबवृद्धी यांवरील उपयोग प्रसिद्ध केला, मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांच्या इ.स. १९४९ मधील लेखाने ती जगभर पोहोचली, आणि इ.स. १९५२ मध्ये तिच्यातील रिसर्पिन वेगळे काढण्यात आले. स्वीडनचे आर्विड कार्लसन यांनी इ.स. १९५७ मध्ये रिसर्पिनने निश्चल केलेल्या प्राण्यांना लेव्होडोपा दिले आणि ते पुन्हा हालचाल करू लागले. कंपवाताच्या आजच्या चिकित्सेचा पाया या प्रयोगात आहे व त्यासाठी कार्लसन यांना इ.स. २००० चे नोबेल पारितोषिक वाटून मिळाले. सर्पगंधेने कंप, स्तंभ व विषाद उत्पन्न होऊ शकतात हा या इतिहासाचा दुसरा अर्थ आहे. झोपेसाठी सर्पगंधायुक्त वटी महिनोन्‌महिने घेणाऱ्या वृद्धात चेष्टामांद्य दिसल्यास प्रथम ती वटी थांबविण्याचा विचार करावा.

तरुण रुग्णातील कंप

चाळिशीच्या आतील रुग्णात कंप, बोलण्यातील जडपणा आणि स्वभावातील बदल एकत्र दिसले, तर किनियर विल्सन यांनी इ.स. १९१२ मध्ये वर्णिलेला व्याधी मनात आणावा. यात शरीरातील ताम्र बाहेर टाकले जात नाही व ते यकृत आणि मेंदू यांत साचते. रुग्णास आधी कामला होऊन गेलेली असते, शाळेतील गुण घसरलेले असतात, कधी भावंडांपैकी कोणी यकृतविकाराने दगावलेले असते. डोळ्याच्या काळ्या भागाच्या कडेस तपकिरी हिरवट वलय दिसते. ते नेत्रतज्ज्ञाकडून यंत्राने पाहून घ्यावे. रक्तातील सेरुलोप्लाझमिन व चोवीस तासांच्या मूत्रातील ताम्र तपासावे. वेळीच ओळखल्यास पेनिसिलामाइन व जस्त यांच्या आजन्म उपचाराने रुग्ण चांगले आयुष्य जगतो.

येथे आपल्या दृष्टीने गंभीर बाब अशी की, यकृतविकार म्हटला की आपल्या हातून आरोग्यवर्धिनी दिली जाते आणि आरोग्यवर्धिनीत ताम्रभस्म असते. ज्याच्या शरीरातून ताम्र बाहेर पडत नाही अशा रुग्णास ती देणे सर्वथा वर्ज्य होय. तरुण वय, यकृतदुष्टी आणि कंप किंवा स्वभावबदल अशी त्रयी असेल तर तपासणी होईपर्यंत कोणताही ताम्रकल्प देऊ नये.

धातूंचा विषय निघालाच आहे तर पारदजन्य कंप व चिडचिड आणि नागजन्य मणिबंधपात यांचेही स्मरण ठेवावे. अमेरिकेतील बोस्टन परिसरात विकल्या जाणाऱ्या ७० आयुर्वेदीय उत्पादनांपैकी १४ मध्ये शिसे, पारा अथवा सोमल आढळल्याचा लेख इ.स. २००४ मध्ये प्रसिद्ध झाला, तेव्हा आपल्याकडे संताप पुष्कळ झाला. रसकल्प व अशुद्ध द्रव्य यांतील भेद त्या लेखाने केला नाही ही तक्रार रास्त आहे. पण भस्मपरीक्षा न करता कोठूनही भस्म विकत घेणारे आपल्यात आहेत, हेही तितकेच खरे.

परीक्षण

पुढील परीक्षणास दहा मिनिटे पुरतात. रुग्ण आत येतानाच त्याची चाल, हातांचा झोका व वळताना लागणारी पावले पाहावीत. बसल्यावर दोन्ही हात मांडीवर सैल ठेवून शंभरापासून उलटे मोजावयास सांगावे. लपलेला कंप तेव्हा बाहेर येतो. अंगठा व तर्जनी यांची आपटणी, तळहात उलटसुलट करणे, एक वाक्य पाच वेळा लिहिणे ही पुढची पायरी. डोळे मिटवून नाणे, किल्ली व रुद्राक्ष ओळखावयास द्यावा. वासासाठी कॉफी, वेलची किंवा अंगाचा साबण वापरावा. कापूर अथवा ओव्याचे सत्त्व वापरू नये, कारण त्यांची चुणचुण गंधनाश झालेल्यासही कळते व उत्तर चुकते.

पायाच्या अंगठ्यावर १२८ कंपनांचा ट्यूनिंग फोर्क ठेवून कंपन कळते का पाहावे. नंतर पाय जुळवून उभे करून डोळे मिटावयास सांगावे व आपण शेजारी उभे राहावे. डोळे उघडे असता स्थिर असलेला रुग्ण डोळे मिटताच डोलू लागला तर पायांची जाण गेली आहे असे समजावे. ‘तोंड धुताना तोल जातो’ ही त्याची तक्रार असते. मधुमेह आणि जीवनसत्त्व ब-१२ चा अभाव ही दोन कारणे आपल्या परिसरात नित्य भेटतात. कडक शाकाहारी व दीर्घकाळ मेटफॉर्मिन घेणारे यांत दुसरे कारण विशेष संभवते. त्यात स्मृतिमांद्य, विषाद, क्वचित उन्मादसदृश लक्षणेही येतात आणि उशीर झाल्यास मज्जारज्जूची हानी कायमची राहते. येथे केवळ अश्वगंधा देत राहणे उचित नाही. रक्त तपासून ब-१२ द्यावेच.

अपतंत्रकसदृश रुग्णात हूव्हर यांनी इ.स. १९०८ मध्ये सांगितलेले चिन्ह उपयोगी आहे. दुर्बल पायाची टाच पलंगावर दाबावयास सांगितल्यास रुग्ण दाबू शकत नाही. पण चांगला पाय वर उचलावयास सांगताच ती टाच आपोआप जोराने दाबली जाते. याचा अर्थ रुग्ण सोंग करतो असा घेऊ नये. मार्ग शाबूत आहे, हेतुपूर्वक प्रवर्तन अडले आहे आणि सुधारणेस वाव आहे, असे त्याला याच चिन्हाच्या आधारे दाखवून द्यावे.

कपिकच्छू : मात्रा व मर्यादा

खाजकुइलीच्या बीजांत निसर्गतःच लेव्होडोपा असते. त्याचे प्रमाण वाण व प्रदेश यांनुसार बदलते व सामान्यतः शेकडा ३ ते ६ च्या दरम्यान असते. मुंबईत डॉ. अशोक वैद्य व सहकाऱ्यांनी इ.स. १९७८ मध्ये कंपवातातील तिच्या उपयोगाविषयी लेख प्रसिद्ध केला. इ.स. १९९५ मध्ये ६० रुग्णांवरील १२ आठवड्यांचे बहुकेंद्री परीक्षण प्रसिद्ध झाले. इ.स. २००० मधील आणखी एका अभ्यासात १८ रुग्णांना कपिकच्छू, पारसीक यवानी, अश्वगंधा व बला यांचे चूर्ण दुधातून दिले होते. ज्यांना आधी शोधन दिले त्या १३ जणांत केवळ शमन दिलेल्या ५ जणांपेक्षा अधिक सुधारणा आढळली. संख्या लहान आहे, पण शोधनपूर्व शमनाचा विचार करणाऱ्यांस तो अभ्यास महत्त्वाचा वाटावा. लंडन येथील इ.स. २००४ च्या अभ्यासात आठ रुग्णांत ३० ग्रॅम मात्रेचा परिणाम नेहमीच्या गोळीपेक्षा लवकर सुरू झाला व अधिक काळ टिकला.

या ३० ग्रॅमची तुलना आपल्या मात्रेशी करून पाहावी. शेकडा ४ लेव्होडोपा धरल्यास ५ ग्रॅम चूर्णात ते २०० मिलिग्रॅम येते. परंतु अर्वाचीन गोळीत सोबत कार्बिडोपा असते, त्यामुळे लेव्होडोपाची गरज सुमारे तीनचतुर्थांशाने कमी होते. म्हणजे आपले २०० मिलिग्रॅम हे गोळीतील सुमारे ५० मिलिग्रॅमच्या तोडीचे. आरंभीच्या सौम्य अवस्थेत हे पुरेसे ठरू शकते. वाढलेल्या व्याधीत गोळी थांबवून ३ ग्रॅम चूर्णावर ठेवणे म्हणजे रुग्णास जखडून टाकणे होय. गोळी एकाएकी थांबविल्यास ज्वर व तीव्र स्तंभ येऊन प्राणावर बेतू शकते. कपिकच्छू हेही लेव्होडोपाच आहे, तेव्हा हृल्लास, उठताना रक्तदाब उतरणे, अनैच्छिक हालचाली व भास हे दोष तिच्यातही संभवतात. जेवणातील प्रथिने व लोह यांनी लेव्होडोपाचे शोषण घटते, म्हणून चूर्ण जेवणापूर्वी द्यावे आणि लोहकल्प किमान दोन तासांच्या अंतराने द्यावेत. दूध हे पारंपरिक अनुपान असले तरी गोळी घेणाऱ्या रुग्णात त्याचे प्रमाण अल्प ठेवणे आम्हास सोयीचे वाटते.

औषधालयचालकांसाठी

कवचबीजयुक्त वाजीकरण चूर्णे व पाक कोणीही येऊन विकत नेतो. उन्मादाचे औषध घेणाऱ्या तरुणास त्या औषधाने कामेच्छा उणावल्याची तक्रार असते व तो लाजेने वैद्याकडे न जाता थेट दुकानात येतो. गोळी डोपामाइन अडविते आणि हे चूर्ण ते वाढविते. परिणामी भास व संशय पुन्हा उफाळू शकतात. ‘झोपेची किंवा मनाची काही गोळी चालू आहे का?’ एवढा एक प्रश्न हलक्या आवाजात विचारल्यास मोठा अनर्थ टळेल.

पारसीक यवानीने कंप व लालास्राव कमी होतो, पण वृद्धांत मूत्रावरोध व भ्रांती येते. कुचल्याचे कल्प, विशेषतः अग्नितुंडी व विषतिंदुक, स्तंभ असलेल्या रुग्णास आपल्या मनाने देऊ नयेत. ही दोन्ही द्रव्ये औषधनियमांच्या ई-१ अनुसूचीत आहेत व त्यांच्या कल्पांवर वैद्यकीय देखरेखीची सूचना छापणे बंधनकारक आहे; ती सूचना गिऱ्हाइकास वाचून दाखवावी. पक्षवध व उन्माद बरा करण्याच्या जाहिराती १९५४ च्या कायद्याने निषिद्ध आहेत, तेव्हा तसे फलक दुकानात लावू नयेत.

पंचकर्मातील दक्षता

स्नेहन व स्वेदन ही या व्याधींची मुख्य चिकित्सा असली तरी संज्ञाहानी झालेल्या अंगास उष्णता कळत नाही. सुप्ती असलेल्या पायावर पोट्टलीने फोड आल्याचे रुग्ण आम्ही पाहिले आहेत आणि मधुमेही पायात असा फोड बोट गमावण्यापर्यंत जातो. परिचारकाने पोट्टली प्रथम स्वतःच्या मणिबंधावर व नंतर रुग्णाच्या संवेदना शाबूत असलेल्या भागी लावून पाहावी. ‘गरम लागते का’ असे सुप्त पायाविषयी विचारणे निरर्थक आहे.

कंपवाताच्या रुग्णाचा रक्तदाब उठताना उतरतो. सर्वांगस्वेद किंवा शिरोधारेनंतर त्यास दहा मिनिटे आडवे ठेवावे, मग पाय खाली सोडून बसवावे व आधार देऊन उभे करावे. तेलकट तळव्यांनी फरशीवर चालू देऊ नये. बस्ती द्यावयाचा असल्यास मलावष्टंभ आधी दूर करावा. लाळ व अन्न गिळताना ठसका लागणाऱ्या रुग्णास झोपवून स्नेहपान देऊ नये. बसवून, हनुवटी किंचित खाली करून, चमच्याने द्यावे.

अभ्यंगानंतरची सैल अंगे चालण्याच्या अभ्यासास अनुकूल असतात, म्हणून तळवे पुसून अर्ध्या तासाने हा अभ्यास घ्यावा. घरात न्हाणीघराच्या वाटेवर व दारात एका पावलाच्या अंतराने रंगीत चिकटपट्ट्या लावाव्यात. घरच्या एकाने टाळ्यांचा किंवा टाळांचा ठेका धरावा आणि रुग्णाने त्या ठेक्यावर, पट्टी ओलांडीत, दिवसातून दोन वेळा दहा दहा मिनिटे चालावे. चालताना त्याच्याशी बोलू नये. बोलणे व चालणे एकाच वेळी करताना हे रुग्ण पडतात.